वॉर रूममधून स्टुडिओत: निवडणूक रणनीतीकाराने परखड राजकीय विश्लेषक कसं व्हावं

प्रचार आतून पाहिलेला माणूस चर्चेला मिळाला की वृत्तवाहिन्यांना हवाच असतो. तिकीट कुणाच्या सांगण्यावरून कापलं जातं, बंडखोराला अर्ज मागे घ्यायला कोण लावतं, मतदानाच्या शेवटच्या दोन तासांत बूथवर काय धावपळ होते, हे सगळं त्याने जवळून पाहिलेलं असतं. पण याच माणसाला एक सवयही जडलेली असते. प्रत्येक वाक्य कुणाच्या तरी फायद्याचं बोलायचं, ही ती सवय. ती घेऊन स्टुडिओत बसलं की एक-दोन निवडणुकांतच 'अमक्या पक्षाचा बिनपदाचा प्रवक्ता' असा शिक्का बसतो, आणि मग खरी माहिती सांगितली तरी लोक ती प्रचार म्हणूनच ऐकतात.

आवाज चढवून हा शिक्का पुसला जात नाही. आपण कुणाचं काम केलंय ते आधी सांगायचं, आणि बोलायचं ते नंतर तपासता येईल असं. परखडपणाला वजन येतं ते या दोन गोष्टींमुळे. त्या रोजच्या कामात कशा बसवायच्या ते पुढे सांगितलं आहे. नियम आणि उदाहरणं मुख्यतः महाराष्ट्रातली आणि भारतातली आहेत.

आधी जुना हिशेब मिटवा

पहिल्या चर्चेला जाण्याआधी जुने करार काढून वाचा. गोपनीयतेचं कलम बहुतेक करारांत असतं, आणि काम संपल्यावरही ते किती काळ लागू राहील ते तिथेच लिहिलेलं असतं. सर्वेक्षणाची कच्ची माहिती, मतदारांचे मोबाइल क्रमांक, बूथनिहाय जातवार याद्या, कॉल सेंटरची रेकॉर्डिंग, उमेदवारांची अंतर्गत मूल्यमापनं हा सगळा माल ज्याने पैसे दिले त्याचा. तो परत करा, परत केल्याची लेखी पोच घ्या, आणि लॅपटॉप, पेन ड्राइव्ह, क्लाउड अशा सगळ्या जागांवरून काढून टाका. मतदारांचे क्रमांक स्वतःकडे ठेवणं २०२३च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याच्या दृष्टीनेही अंगलट येऊ शकतं.

पक्षाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपमधून बाहेर पडायला बरेच जण विसरतात. तुम्ही तिथे गप्प असलात तरी एखादा स्क्रीनशॉट बाहेर येतो, सदस्यांच्या यादीत तुमचं नाव दिसतं, आणि त्याच रात्री तुम्ही 'तटस्थ विश्लेषक' म्हणून पडद्यावर असता. त्याचा खुलासा करत बसावं लागतं आणि तो कुणाला पटत नाही.

थकलेल्या पैशांचा प्रश्न जास्त नाजूक आहे. पराभव झाला की सल्लागाराचा शेवटचा हप्ता अडकतो, हे या धंद्यात नेहमीचं. वसुली चालू असताना त्याच पक्षावर टीका केली तर ती दबावासाठी केली असंच म्हटलं जाणार. पैसे मिळेपर्यंत, किंवा ते सोडून दिल्याचं लेखी कळवेपर्यंत, त्या पक्षाबद्दलच्या चर्चेला जाऊ नका. तिसरा मार्ग नाही.

मग एक साधी नोंदवही करा. कोणत्या निवडणुकीत, कोणत्या मतदारसंघात, कुणासाठी, काय काम केलं, आणि पैसे पक्षाने दिले, उमेदवाराने की मधल्या एजन्सीने. शेवटचा रकाना महत्त्वाचा आहे, कारण एजन्सीमार्फत काम केलं की 'मी त्या पक्षाचं काम कधी केलंच नाही' असं म्हणण्याचा मोह होतो. कागद बाहेर आले की हे वाक्य टिकत नाही.

या वहीतून खुलाशाचं एक वाक्य तयार होतं: '२०२४च्या विधानसभा निवडणुकीत मी अमुक पक्षासाठी अमुक तीन मतदारसंघांत काम केलं, सध्या कोणत्याही पक्षाचं काम माझ्याकडे नाही.' पहिली संधी मिळताच, पहिल्या उत्तराआधी, हे वाक्य बोला. ते आठ-दहा सेकंदांत होतं. सूत्रसंचालकाने तुमची ओळख करून देताना ते सांगितलं असेल तरीही तुमच्या तोंडून एकदा येऊ द्या.

खासगी सल्लागाराने किती काळ थांबावं याचं कायद्यात बंधन नाही. म्हणून स्वतःचा नियम ठरवून तो जाहीर करा. ज्या मतदारसंघात पैसे घेऊन काम केलं, त्याबद्दल पुढची निवडणूक होईपर्यंत अंदाज वर्तवायचा नाही. आणि ज्या पक्षाचं काम केलं, त्याच्याबद्दल निदान सहा महिने कार्यक्रमात बोलायचं नाही. याहून सैल नियम लोकांच्या गळी उतरत नाही.

दोन्ही खुर्च्या एकाच वेळी सांभाळण्याचं काय होतं ते अमेरिकेत २०१६मध्ये दिसलं. डोना ब्राझील तेव्हा डेमोक्रॅटिक पक्षाच्या पदाधिकारी होत्या आणि सीएनएनवर भाष्यकारही. वाहिनीच्या कार्यक्रमात येऊ घातलेल्या प्रश्नांची कल्पना त्यांनी हिलरी क्लिंटन यांच्या प्रचार यंत्रणेला आधीच दिल्याचे ईमेल विकिलीक्सने बाहेर काढले, आणि सीएनएनशी असलेलं त्यांचं नातं संपलं. आपल्याकडे वाहिनीच्या मेकअप रूममध्ये, चर्चेच्या आधीच्या गप्पांत अशी बरीच माहिती कानावर पडते. उद्या कोणता विषय घेणार, कुणाची मुलाखत ठरली आहे, कोणती बातमी थांबवून ठेवली आहे. जुन्या सहकाऱ्याचा फोन आला तर यातलं अक्षरही सांगायचं नाही.

खासगी माहितीच्या जागी सार्वजनिक कागद

जुन्या सर्वेक्षणांचा साठा हातातून गेला की बोलायला काय उरतं, अशी भीती अनेकांना वाटते. प्रत्यक्षात उरतं ते जास्त टिकाऊ असतं. रणनीतीकाराला बूथ वाचता येतो, आणि बूथनिहाय निकाल सार्वजनिक असतो.

मुख्य कागद म्हणजे नमुना २०. प्रत्येक मतदारसंघाच्या या अंतिम निकालपत्रात मतदान केंद्रानुसार प्रत्येक उमेदवाराची मतं असतात, आणि राज्याच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांच्या संकेतस्थळावर तो मिळतो. तुम्हाला बोलायचं आहे त्या १५ ते २० मतदारसंघांचे मागच्या दोन लोकसभा आणि दोन विधानसभा निवडणुकांचे नमुना २० उतरवून एका तक्त्यात लावा. यात एक खड्डा आहे. दोन निवडणुकांच्या मधे मतदान केंद्रांची फेररचना होते, क्रमांक सरकतात, एका केंद्राची दोन होतात. क्रमांकाला क्रमांक जुळवून तुलना केली की भलत्याच गावाची मतं भलत्या गावासमोर येतात. तुलना नेहमी गावाच्या किंवा शाळेच्या नावावरून, आणि शक्य असेल तिथे गावाची बेरीज करून करा.

दुसरा कागद नमुना १७सी. केंद्रावर एकूण किती मतं नोंदली गेली याचा हा हिशेब मतदान संपताना हजर असलेल्या मतदान प्रतिनिधींना दिला जातो. तो सर्वांसाठी प्रसिद्ध होत नाही, पण मतदानाच्या टक्केवारीवरून वाद पेटला की खरा पुरावा तोच. २० नोव्हेंबर २०२४ला महाराष्ट्रात सायंकाळी पाचचा आकडा ५८.२२ टक्के होता आणि अंतिम आकडा ६६ टक्क्यांच्या आसपास गेला. यावर चर्चेत दोन्ही बाजू तावातावाने बोलल्या. बूथ हाताळलेल्या माणसाने इथे सांगायचं ते एवढंच: पाचचा आकडा तात्पुरता असतो, सहाच्या आत रांगेत उभं राहिलेल्याला मत देता येतं, आणि ज्याला शंका आहे त्याने आपल्या प्रतिनिधींकडचे १७सी गोळा करून मोजलेल्या मतांशी ताडून पाहावेत. एखाद्या केंद्रात फरक निघाला तर त्या केंद्राच्या नावासकट बोलावं. नाव-गाव नसलेल्या आरोपावर मान डोलावू नका, आणि 'सगळं व्यवस्थित झालं' असं प्रशस्तिपत्रही देऊ नका.

तिसरा कागद खर्चाचा. २०२२पासून महाराष्ट्रासारख्या राज्यात उमेदवाराची खर्चमर्यादा लोकसभेला ९५ लाख आणि विधानसभेला ४० लाख रुपये आहे. पक्षाच्या खर्चाला मर्यादा नाही. निकालानंतर ३० दिवसांत उमेदवाराने हिशेब द्यायचा असतो आणि तोही पाहता येतो. सभेचा मंडप कुणाच्या खात्यात दाखवला आणि स्टार प्रचारकाच्या प्रवासाचा खर्च उमेदवाराच्या डोक्यावर का येत नाही, हे सोपं करून सांगणारे विश्लेषक आपल्याकडे फार थोडे आहेत. तुम्ही ते सांगू शकता.

हे वाचन प्रत्यक्षात कसं दिसतं त्यासाठी धुळे लोकसभा मतदारसंघाचा २०२४चा निकाल घ्या. काँग्रेसच्या शोभा बच्छाव यांनी भाजपचे सुभाष भामरे यांना ३,८३१ मतांनी हरवलं. सहा विधानसभा क्षेत्रांपैकी मालेगाव मध्य या एकाच क्षेत्रात बच्छाव यांना सुमारे एक लाख ९४ हजारांची आघाडी होती, आणि उरलेल्या पाचांत मिळून भामरे जवळपास तितकेच पुढे होते. राजकीय सभांमधून या आकड्यांच्या घोषणा झाल्या. विश्लेषकाने यापुढचे प्रश्न विचारायचे. मालेगाव मध्यमध्ये आधीच्या निवडणुकांत मतं किती जणांत वाटली जायची? या वेळी वंचित बहुजन आघाडीच्या उमेदवाराचा अर्ज छाननीत बाद झाला होता, त्याचा मतविभागणीवर काय परिणाम झाला? धुळे शहर आणि शिंदखेड्यात मतदान किती टक्के झालं आणि भाजपची आघाडी मागच्या खेपेपेक्षा किती घटली? ३,८३१चा फरक मालेगावातही शोधता येतो आणि शिंदखेड्यातही. एकाच क्षेत्रावर बोट ठेवून थांबणारा प्रचार करत असतो. दोन्ही बाजू तपासून 'भाजपने ही जागा कुठे घालवली' याचं उत्तर तालुक्याच्या नावासकट देणारा विश्लेषण करत असतो.

सर्वेक्षणांबद्दल बोलतानाही हाच बारकावा हवा. हजार जणांच्या यादृच्छिक नमुन्यात अधिक-उणे सुमारे ३ टक्के चूक गृहीत धरावी लागते, ४०० जणांच्या नमुन्यात जवळजवळ ५ टक्के. २०२४च्या लोकसभेला महाराष्ट्रात दोन आघाड्यांच्या एकूण मतांत अर्ध्या टक्क्याचाही फरक नव्हता, तरी जागा ३० विरुद्ध १७ झाल्या. मुंबई उत्तर पश्चिमची जागा तर ४८ मतांवर ठरली. नमुन्यातली चूकच जिथे मतांतल्या फरकापेक्षा मोठी आहे, तिथे मतांच्या टक्केवारीवरून जागा काढणं हे गणित उरत नाही. हे प्रेक्षकांना सांगायला लाजू नका, समोर सर्वेक्षण करणारी संस्था बसलेली असली तरी.

चाळीस सेकंद

वाहिनीच्या गेस्ट को-ऑर्डिनेशनकडून फोन बहुधा दुपारी येतो. तेव्हाच विचारून घ्या: विषयाची नेमकी ओळ काय, पॅनेलवर आणखी कोण, स्टुडिओत की घरून, कार्यक्रम किती वेळाचा, आणि नावाच्या पट्टीवर काय जाणार. ही पट्टी, जिला न्यूजरूममध्ये अॅस्टन म्हणतात, तुमच्या बोलण्याहून जास्त वेळ पडद्यावर असते. 'माजी निवडणूक सल्लागार' आणि पक्षाचं नाव तिच्यावर यावं असा आग्रह धरा. तिथे चुकून 'अमुक पक्ष समर्थक' आलं तर आपली पाळी येताच आधी ते दुरुस्त करा. कार्यक्रम संपल्यावर केलेल्या तक्रारीने क्लिपमधली पट्टी बदलत नाही.

सहा खिडक्यांच्या पॅनेलवर एका वेळी सलग चाळीस सेकंद मिळाले तरी पुष्कळ. साधारण वेगाने बोललं तर यात ८० ते १०० शब्द बसतात. उत्तर असं बांधा: निष्कर्ष पहिल्या वाक्यात, मग एक आकडा, मग एक ठिकाण, आणि थांबा. 'याची पार्श्वभूमी अशी आहे की' इथून सुरुवात केली तर पार्श्वभूमी संपायच्या आत सूत्रसंचालक तोडतो, आणि निष्कर्ष कुणाच्या कानावर पडतच नाही. रोज तीन विषय घेऊन फोनवर स्वतःचं उत्तर रेकॉर्ड करा, घड्याळ लावून ऐका, आणि ज्या शब्दांशिवाय वाक्य चालतं ते कापा.

दोघं एकमेकांवर ओरडू लागले की पीसीआरमधून, म्हणजे कार्यक्रमाच्या नियंत्रण कक्षातून, माइकचा आवाज खालीवर केला जातो. तिसऱ्याने त्यात ओरडून काहीच मिळत नाही. हात किंचित वर करून थांबा, आणि पहिली फट मिळताच एक छोटं वाक्य टाका: 'माझ्याकडे या तालुक्याचा आकडा आहे.' सूत्रसंचालकालाही त्या गोंधळातून बाहेर पडायचं असतं, त्यामुळे बहुतेक वेळा पाळी मिळते. दुसरा बोलत असताना तुमचा चेहरा पडद्यावर असतोच, हे विसरू नका. नुसत्या सौजन्याने डोलावलेली मानही क्लिपमध्ये दुजोरा म्हणून फिरते.

घरून बोलायचं तर कॅमेरा डोळ्यांच्या रेषेत ठेवा, उजेड समोरून घ्या आणि खिडकी पाठीमागे येऊ देऊ नका. वायरचा इअरफोन वापरा, कारण ब्लूटूथची बॅटरी चर्चेच्या मध्यावर दगा देते. घरच्या इंटरनेटसोबत मोबाइलचा हॉटस्पॉट तयार ठेवा. बारीक रेघांचा शर्ट कॅमेऱ्यावर लुकलुकतो. स्टुडिओत पाठीमागे हिरवा पडदा असेल तर हिरवे कपडे चालत नाहीत. आणि प्रत्येक कार्यक्रमाचं स्वतःचं पूर्ण रेकॉर्डिंग ठेवा. पंधरा सेकंदांची कापलेली क्लिप फिरू लागली की खुलासा लिहीत बसण्यापेक्षा आजूबाजूच्या मिनिटभरासकट पूर्ण उत्तर टाकणं जास्त उपयोगी पडतं.

बोलण्यातल्या प्रत्येक विधानाला मनात एक खूण लावा: नोंद, अंदाज किंवा ऐकीव. नोंद असेल तर कागदाचं नाव घ्या. अंदाज असेल तर 'हा माझा अंदाज' असं स्पष्ट म्हणा. ऐकीव गोष्ट कार्यक्रमात आणूच नका, मग सांगणारा कितीही वरचा असो. जुन्या वॉर रूममधले मित्र मुद्दाम अशा गोष्टी कानावर घालतात. त्यांना ती बातमी तुमच्या तोंडून बाहेर यायला हवी असते. तुम्हीही पूर्वी पत्रकारांना अशाच बातम्या पुरवल्या असतील, त्यामुळे ही चाल ओळखणं तुम्हाला इतरांपेक्षा सोपं आहे.

कठोर बोलायचं ते निर्णयावर. 'अमका नेता विकला गेला' यात तपासण्यासारखं काही नाही, आणि कोर्टात उभं राहायची तयारी मात्र ठेवावी लागते. 'उमेदवार अर्ज भरायच्या आदल्या रात्री बदलला, त्या तालुक्यात पक्षाची मतं मागच्या खेपेपेक्षा घटली, आणि ही चूक प्रदेशाध्यक्षांच्या पातळीवर झाली' हे वाक्य जास्त झोंबतं, आणि ते खोडायला समोरच्याला आकडेच आणावे लागतात.

कायद्याच्या रेषा

निवडणुकीच्या काळात तीन-चार कलमं जवळ असलेली बरी. लोकप्रतिनिधित्व कायदा १९५१च्या कलम १२६नुसार मतदान संपण्याच्या वेळेआधीचे ४८ तास त्या मतदान क्षेत्रात टीव्हीवर निवडणुकीवर प्रभाव टाकणारा मजकूर दाखवता येत नाही. दोन वर्षांपर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. २०२४ची लोकसभा महाराष्ट्रात पाच टप्प्यांत झाली. अशा वेळी एका भागात हा ४८ तासांचा शांतता काळ असतो आणि शेजारच्या भागात प्रचार ऐन भरात असतो. त्या दिवसांत कोणत्या मतदारसंघाचं नाव घेतोय याचं भान ठेवावं लागतं.

कलम १२६अ मतदानोत्तर चाचण्यांबद्दल आहे. पहिल्या टप्प्याचं मतदान सुरू झाल्यापासून शेवटच्या टप्प्याचं मतदान संपून अर्धा तास होईपर्यंत त्या प्रसिद्ध करता येत नाहीत. विश्लेषक इथे फसतात ते 'मी चाचणी केलेली नाही, फक्त माझा अंदाज सांगतोय' म्हणून. २०१७मध्ये निवडणूक आयोगाने स्पष्ट केलं होतं की बंदीच्या काळात ज्योतिषी, टॅरो वाचणारे किंवा राजकीय विश्लेषक यांनी वर्तवलेले निकालांचे अंदाजही या कलमाच्या हेतूविरुद्ध जातात. दोन टप्प्यांच्या मधे 'मला आत्ताच कळलंय, अमुक आघाडीला इतक्या जागा' असं ट्वीटसुद्धा करू नका.

बदनामीचं कलम आता भारतीय न्याय संहितेत ३५६ क्रमांकाचं आहे. दोन वर्षांपर्यंत साधी कैद, दंड, दोन्ही किंवा समाजसेवा अशी शिक्षा त्यात आहे. तक्रारदार राज्यातल्या कोणत्याही गावचा असू शकतो, आणि तारखेला तिथे जावं लागतं. वाहिनीशी करार करताना तुमच्या विधानावरून खटला झाला तर वकिलाचा खर्च कोण करणार, याची ओळ घालून घ्या. यूट्यूबवर स्वतःचं चॅनेल असेल तर तो खर्च तुमचाच.

जागांचं भाकीत करावं का?

प्रशांत किशोर यांनी डिसेंबर २०२०मध्ये म्हटलं की पश्चिम बंगालमध्ये भाजपला दोन आकडी जागांच्या पुढे जाणं जड जाईल, आणि तसं झालं नाही तर आपण हे क्षेत्र सोडू. मे २०२१मध्ये भाजप ७७वर थांबला. विधान खरं ठरलं, पण ते करताना किशोर तृणमूलचे रणनीतीकार होते, म्हणजे ते विधान प्रचाराचाही भाग होतं. २०२४मध्ये ते भाजपला ३००च्या आसपास जागा सांगत होते, मिळाल्या २४०. नंतर त्यांनी चूक मान्य केली आणि पुन्हा जागांचे आकडे सांगणार नाही असं म्हटलं. तरीही २०२५च्या बिहार निवडणुकीआधी, स्वतःचा पक्ष रिंगणात असताना, नितीशकुमार यांच्या जदयूला २५च्या वर जागा मिळणार नाहीत असं त्यांनी ठासून सांगितलं. जदयूला ८५ मिळाल्या, त्यांच्या जनसुराजला एकही नाही.

दुसरीकडे निवडणूक अभ्यासक योगेंद्र यादव. भाजपविरोधी भूमिका त्यांनी कधी लपवली नाही, भारत जोडो यात्रेतही ते चालले. तरी २०२४ला त्यांनी भाजपसाठी २४० ते २६० असा पट्टा दिला आणि तो बरोबर आला. बहुतेक मतदानोत्तर चाचण्या तेव्हा चुकल्या. ३६१ ते ४०१ जागा सांगणाऱ्या अॅक्सिस माय इंडियाच्या प्रदीप गुप्ता यांना तर ४ जूनला कॅमेऱ्यासमोर रडू आवरलं नाही; एनडीए २९३वर थांबली होती.

यातून आमचं मत असं: बाजू उघड असलेल्या माणसाचा अंदाजही ऐकण्यासारखा असू शकतो, पण रिंगणात पैसे किंवा पद गुंतलेल्याने जागा सांगू नयेत. सांगायच्याच असतील तर पट्टा सांगा, तो कशामुळे चुकू शकतो ते त्याच वेळी सांगा, आणि तारीख घालून जाहीर लिहून ठेवा. 'चुकलो तर राजकारण सोडेन' अशी पैज लावू नका. पैजेमुळे लोक अंदाजामागचं कारण विसरतात, नुसता आकडा लक्षात ठेवतात. निकालानंतर आठवड्याभरात स्वतःचं प्रत्येक भाकीत आणि निकाल समोरासमोर ठेवून प्रसिद्ध करा, चुकलेल्यांसकट.

आकडा बोलण्याआधीची तपासणी

ऑगस्ट २०२५मध्ये लोकनीती-सीएसडीएस या निवडणूक अभ्यास संस्थेचे संजय कुमार यांनी महाराष्ट्रातल्या काही विधानसभा क्षेत्रांत लोकसभेनंतर मतदार मोठ्या प्रमाणात घटल्याचे किंवा वाढल्याचे आकडे समाजमाध्यमावर टाकले. रामटेकमध्ये ही घट ३८ टक्क्यांहून जास्त दाखवली होती. तक्त्यातल्या ओळी चुकीच्या वाचल्या गेल्याचं लक्षात आल्यावर त्यांनी पोस्ट काढून जाहीर माफी मागितली. तोवर राजकीय पक्षांनी ते आकडे उचललेले होते, नंतर संजय कुमार यांच्यावर गुन्हे दाखल झाले आणि सर्वोच्च न्यायालयाने ती कारवाई स्थगित केली. अनुभवी संस्थेच्या बाबतीत हे घडू शकतं, तर एकट्याने काम करणाऱ्याच्या बाबतीत सहज घडेल.

अशी चूक पकडायला मोठी यंत्रणा लागत नाही. राज्यातले सुमारे नऊ कोटी ७० लाख मतदार २८८ने भागले की सरासरी तीन लाख ३७ हजार येते. एखाद्या क्षेत्राचा आकडा या सरासरीपासून फारच दूर दिसला किंवा सहा महिन्यांत एक तृतीयांशाने हलला, तर आधी तक्ता संशयास्पद मानायचा. मग तोच आकडा मूळ पीडीएफमधून पुन्हा, आणि शक्यतो दुसऱ्या माणसाने, वाचायचा. मतदारसंघाचा क्रमांक आणि नाव दोन्ही जुळतात का ते पाहायचं. लोकसभा मतदारसंघाचे आणि विधानसभेचे क्रमांक वेगळे असतात, आणि घाईत तिथेच घोळ होतो. धक्कादायक आकडा एक रात्र थांबवून ठेवला तर फार तर बातमीत दुसरा नंबर येईल.

चूक झालीच तर मूळ विधान जिथे केलं तिथेच दुरुस्ती करा. वाहिनीवर बोललात तर वाहिनीवर, पुढच्या पहिल्या संधीला. नुसती पोस्ट काढून टाकली की लपवल्याचा आरोप येतो.

मतमोजणीचा दिवस

हा दिवस रणनीतीकाराचा, कारण फेऱ्या कशा उलगडतात हे त्याला माहीत असतं. सकाळी आठला टपाली मतं, साडेआठपासून ईव्हीएम. सहसा १४ टेबलं असतात, म्हणजे एका फेरीत १४ केंद्रं. राज्यात सुमारे एक लाख केंद्रं आहेत, म्हणजे विधानसभेच्या एका क्षेत्रात सरासरी ३५०, आणि फेऱ्या पंचविसाच्या आसपास. केंद्रं अनुक्रमाने मोजली जातात, म्हणून पहिल्या पाच फेऱ्या म्हणजे मतदारसंघाचा एक कोपरा असतो. तो कोपरा कुणाचा बालेकिल्ला आहे हे नमुना २०वरून आदल्या रात्री काढून ठेवा. मग नऊ वाजता सगळे 'आघाडी, आघाडी' म्हणत असताना तुम्ही सांगू शकता की या उमेदवाराला सातव्या फेरीपर्यंत इतक्या हजारांची आघाडी हवी, नाहीतर पुढचा पट्टा त्याच्या विरोधातला आहे. यापेक्षा जास्त काही बोलायची गरज सकाळी अकरापर्यंत नसते. शेवटी प्रत्येक विधानसभा क्षेत्रातल्या पाच केंद्रांच्या व्हीव्हीपॅट चिठ्ठ्या, म्हणजे मत कुणाला गेलं ते दाखवणाऱ्या छापील पावत्या, मोजल्या जातात, त्यामुळे आकडे पूर्ण होऊनही घोषणा लांबली तर त्यात गूढ शोधू नका.

पैशांचं गणित

प्रादेशिक वाहिन्यांवरच्या चर्चांना मानधन एकतर नसतं किंवा नाममात्र असतं. त्यावर घर चालेल या हिशेबाने सल्लागारीचं काम सोडू नका. निदान वर्षभराचा खर्च बाजूला काढून मगच उडी घ्या. उत्पन्न येतं ते स्तंभलेखन, स्वतःचं यूट्यूब चॅनेल, आणि कंपन्या किंवा संस्थांना निवडणुकीचा अर्थ समजावून सांगण्याची व्याख्यानं यांतून. यूट्यूबवर जाहिरातींचा वाटा मिळायला एक हजार सदस्य आणि बारा महिन्यांत चार हजार तासांचं प्रेक्षण, किंवा ९० दिवसांत शॉर्ट्सची एक कोटी दर्शनं लागतात. व्यावसायिक शुल्कावर १० टक्के टीडीएस कापला जातो, आणि सेवांची वार्षिक उलाढाल २० लाखांच्या वर गेली की जीएसटी नोंदणी करावी लागते.

पक्षाशी संबंधित उद्योजकाने, कारखान्याने किंवा ट्रस्टने 'सल्ला शुल्क' देऊ केलं तर ते नोंदवहीत पक्षाच्याच रकान्यात लिहायचं आणि तसंच जाहीर करायचं. ते जाहीर करायला संकोच वाटत असेल तर पैसे घेऊ नका.

पुढेमागे एखादा पक्ष पुन्हा प्रचाराचं काम घेऊन येईल. टीव्हीवर नाव झालं की दर वाढतो, त्यामुळे तो येतोच. काम घ्यायचं ठरलं तर सही करण्याआधी वाहिनीला आणि संपादकाला लेखी कळवा, चालू स्तंभ थांबवा, चॅनेलवर तारखेसकट जाहीर करा, आणि 'विश्लेषक' ही पट्टी त्या दिवसापासून लावू देऊ नका. काम संपल्यावर परत यायचं असेल तर नोंदवहीत नवी ओळ लिहा आणि सहा महिने मोजायला पुन्हा सुरुवात करा.